मिणे दिवसा बोलत नाहीत

स्वतःच्या अंगातून उजेड काढणारा आणि त्याच उजेडाने बोलणारा एखादा शहाणा जीव कल्पून दाखव म्हटलं, की माणूस हमखास संत काढून देतो. उंच, सडपातळ, निळसर, डोळ्यांत अपार करुणा. भांडण नाही, खोटं नाही, बहुतेक भूकसुद्धा नाही. माझ्या भाचीचं पहिलं चित्र असंच होतं. ती इथे बडोद्यात फाइन आर्ट्सला शिकते. एका प्रोजेक्टसाठी तिला अख्खी जमात रचायची होती, म्हणजे शरीर, घरं, रीतीभाती, भाषा सगळंच. चित्र सुंदर होतं. डोक्यामागे तेजोवलय तेवढं काढायचं राहिलं होतं.

"हे खातात काय गं?" मी विचारलं.

"आत्या, ते उजेडाचे आहेत ने."

"असतील. पोट आहे ना?"

त्या दिवसापासून दांडिया बाजारातल्या भावाच्या घरी रात्रीची जेवणं आटोपली की हा उद्योग सुरू व्हायचा. जमातीचं नाव तिने ठेवलं मिणे. एक मिणा, एक मिणी, अनेक मिणे. मला ते लगेच पटलं, कारण त्या नावाने त्यांचा संतपणा निम्म्याने उतरला.

उजेड आपल्याकडे फार लवकर चांगल्याच्या पक्षात जाऊन बसतो. तिन्हीसांजेला देवापुढे दिवा लावून हात जोडायला शिकलो तिथेच त्याचा निकाल लागला. ज्ञान इकडे, अज्ञान तिकडे. मग ज्याच्या अंगातूनच उजेड येतो तो ज्ञानी आणि सज्जन असणारच, असं आपण धरून चालतो. पण पृथ्वीवर जे खरोखर अंगाने उजळतात त्यांची जरा चौकशी केली, की मामला वेगळाच निघतो.

काजव्यांचंच बघा. आपल्याला काजवा म्हटलं की प्रेमाची लुकलुक आठवते, पण काजव्याची अळीही उजळते, आणि अळीला कसलं आलंय प्रेम? तिच्या अंगात कडवट विष असतं आणि तो उजेड म्हणजे खाणाऱ्याला दिलेली ताकीद. अभ्यासकांचं मत असं, की काजव्यांच्या कुळात ही ताकीद आधीची आणि प्रणय नंतरचा. म्हणजे त्या भाषेतलं पहिलं वाक्य बहुधा 'मला खाऊ नका' हे होतं. पुढे त्याच सामग्रीतून प्रेमपत्रं निघाली. अमेरिकेतल्या एका काजव्याचा नर साधारण सहा सेकंदांनी एकदा, उडता उडता, इंग्रजी जे अक्षरासारखी वळणदार रेघ उजेडाने काढतो. गवतात बसलेली मादी मोजून दोनेक सेकंद थांबते आणि एकदाच उजळते. ती लगेच उजळली तर नर ढुंकून बघत नाही. सगळा अर्थ त्या थांबण्यात आहे.

आणि हे थांबणं दुसऱ्याच जातीच्या माद्यांनी पाठ केलंय. १९६५ साली जेम्स लॉइड या कीटकशास्त्रज्ञाने ते प्रसिद्ध केलं. फोट्युरिस नावाच्या काजव्यांची मादी परक्या नराला त्याच्याच भाषेत, त्याच्याच मादीच्या ठेक्यात उत्तर देते. तो हुरळून खाली उतरतो आणि ती त्याला खाते. नुसतं पोट भरायला नाही, तर त्याच्या अंगातलं विष तिला स्वतःच्या संरक्षणासाठी हवं असतं आणि ते तिला स्वतः बनवता येत नाही.

भाची उठून बसली. "म्हणजे उजेडात खोटं बोलता येतं?"

"येतं म्हणजे काय? तिचा संसार त्यावर चालतो."

त्या रात्री मिण्यांमध्ये पहिली लबाड म्हातारी जन्माला आली आणि मला त्या जमातीत रस वाटू लागला.

राहायला जागा कुठली द्यायची यावर मात्र बराच खल झाला. समुद्र सोपा वाटत होता. दोनशे मीटरच्या खाली सूर्यप्रकाश झपाट्याने विरळ होतो, हजार मीटरच्या पलीकडे पोचतच नाही, आणि तिथे अंगचा उजेड ही रोजची गरज असते. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यापासून खोल पाण्यात सतरा वर्षं घेतलेली चित्रणं तपासून २०१७ मध्ये एक मोजणी प्रसिद्ध झाली. साडेतीन लाखांहून जास्त नोंदींपैकी सुमारे ७६ टक्के प्राणी उजळू शकणाऱ्यांतले निघाले. त्या पाण्यात न उजळणारा तो अपवाद. त्यातले कित्येक तर दिसू नये म्हणून उजळतात. वरून झिरपणाऱ्या फिकट प्रकाशात आपली सावली खालच्या शिकाऱ्याला दिसू नये, म्हणून पोटाकडून बरोबर तेवढाच उजेड सोडतात. दिवा लावून लपणं ही कल्पना आपल्याला सुचली नसती.

तरी समुद्र बाद झाला, आणि तो बाद केला कमाटीबागेतल्या म्युझियमने. तिथे निळ्या देवमाशाचा सांगाडा आहे. बडोद्यातल्या प्रत्येक मुलाने त्याच्याखाली उभं राहून मान मोडून घेतलेली असते. भाची त्याच्याकडे बघत म्हणाली, "पण हा तर आवाजाने बोलायचा ने?" बरोबर होतं तिचं. पाण्यात आवाज शेकडो किलोमीटर जातो आणि उजेड पाच-पन्नास मीटरांत दमतो. शहाणी जमात समुद्रात राहिली असती तर तिने आज ना उद्या आवाजाची सोय केलीच असती. मिण्यांना आवाज नको असेल तर जमीन द्यायला हवी, वर हवा विरळ, म्हणजे ओरडून उपयोग नाही. मंगळावर पर्सिव्हिअरन्स गाडीने २०२१ पासून आवाज टिपले आहेत, तेही तिथल्या विरळ हवेत फार क्षीण येतात.

मग आम्ही त्यांना एका तांबड्या, मंद ताऱ्याजवळ नेऊन ठेवलं. असे ग्रह असतात. सूर्याच्या सर्वांत जवळचा तारा प्रॉक्झिमा सेंटॉरी, सव्वाचार प्रकाशवर्षांवर, आणि त्याच्याभोवती सव्वाअकरा दिवसांत फिरणारा एक ग्रह २०१६ मध्ये सापडला. इतक्या जवळून फिरणाऱ्या ग्रहाची एकच बाजू कायम ताऱ्याकडे राहण्याची शक्यता मोठी, आपला चंद्र आपल्याला एकच बाजू दाखवतो तशी. तिथे कोण राहतं हा प्रश्न वेगळा. आमचा ग्रह आमच्या कल्पनेतला. एक अर्धा भाग कायमचा दिवस, दुसरा कायमची रात्र, मधे संधिप्रकाशाचा पट्टा. मिणे रात्रीच्या बाजूचे. अन्न मात्र संधिप्रकाशाच्या पट्ट्यात उगवतं.

हे ठरलं आणि मला जे म्हणायचं होतं ते सापडलं. मिणे अन्न आणायला उजेडाकडे निघाले की वाटेत त्यांची भाषा फिकी पडत जाते. आधी बारीकसारीक शब्द जातात, विनोद जातो, मग नावं जातात. पट्ट्यात पोचेपर्यंत 'ये', 'थांब', 'पळ' एवढंच उरतं. नवरात्रात गरब्याच्या मैदानात स्पीकरशेजारी उभं राहून शेजारणीशी बोलायला जावं तशी गत. दिवस म्हणजे त्यांच्यासाठी गोंगाट. त्यांच्यातले कवी, वकील, चहाटळ बायका सगळे काळोखाचे. त्यांनी देवापुढे काही मागितलंच तर अंधार मागतील, आणि त्यात अज्ञानाचा प्रश्नच येणार नाही.

आता आवाजाची एक सोय, जी आपल्या लक्षातही येत नाही. आवाज कोपऱ्यावरून वळतो. बोलण्यातल्या लहरींची लांबी काही सेंटिमीटरपासून तीनेक मीटरपर्यंत असते. दार, खांब, जिन्याचा कठडा ही सगळी त्याच मापाची माणसं, त्यामुळे लहरी त्यांना वळसा घालून पुढे जातात. उजेडाच्या लहरीची लांबी मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहूनही कमी. भिंत आली की संपलं. म्हणजे मिण्यांच्या घरात स्वयंपाकघरातून हाक मारता येत नाही! मला हे भयंकर वाटलं. आपला अख्खा संसार एकमेकांकडे पाठ करून बोलण्यावर उभा आहे. 'पोळ्या गार होतायत', 'गॅस बंद केलास का', 'कोण आलंय बघ जरा' हे सगळं तव्याकडे बघत म्हटलेलं असतं. मिण्यांना ऐकायचं म्हणजे वळून बघावंच लागतं. वर्तमानपत्राआडून 'हं, हं' करण्याची सोय त्यांच्या पुरुषांना नाही. आणि भांडणात शेवटचं अस्त्र एकच, डोळे मिटून घेणं. त्यांच्यात त्याहून मोठा अपमान नसावा.

हे चाललेलं असताना माझी आई पलंगावर बसून आमच्या तोंडाकडे बघत असते. तिला गेली काही वर्षं कमी ऐकू येतं. यंत्र आहे, ते डबीत असतं. ती ओठांवरून बरंचसं लावते, त्यामुळे घरात एक वाक्य दिवसभर चालू असतं: "माझ्याकडे तोंड करून बोला." उन्हाळ्यात एकदा लाईट गेली. आम्ही सगळे गच्चीत अंधारात गप्पा मारत बसलो, मजेत. थोड्या वेळाने लक्षात आलं, आई बराच वेळ काही बोललेली नाही. भाचीने मोबाइलची बत्ती लावून स्वतःच्या तोंडावर धरली आणि आजीला सगळं पुन्हा सांगितलं. हनुवटीखालून उजेड आल्याने ती भुतासारखी दिसत होती आणि आजी तिला हसत होती.

मिण्यांबद्दल आईला तसंच, तोंड करून, सांगितलं. तिने नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "त्यांची लाईट जात नाही ना? मग झालं तर."

जाते, हे मी तिला सांगितलं नाही. त्याकडे येतेच.

आधी भाषेची घडण. नुसत्या उघडझापीवर शहाणी भाषा उभी राहणार नाही. माझे वडील प्रतापनगरच्या छोट्या लाइनवर गार्ड होते. लाल-हिरवी हातबत्ती घरी दाराआड टांगलेली असायची. त्या बत्तीचा शब्दसंग्रह केवढासा! हिरवी म्हणजे चल, लाल म्हणजे थांब, आणि लाल नसेल तर पांढरी बत्ती रुळावर जोरजोरात आडवी हलवायची, त्याचाही अर्थ थांब. जीव वाचवायला पुरेसं, पण गप्पांना अपुरं. शिवाय आपल्या डोळ्याला सेकंदाला पन्नास-साठच्या वर उघडझाप वेगळी दिसत नाही, सगळी मिळून सलग उजेड दिसतो. तेव्हा मिण्यांना अंगभर नक्षी हवी. इथे समुद्राने पुन्हा मदत केली. हम्बोल्ट स्क्विड हे माखलीच्या नात्यातले प्राणी खोल काळोखात अंगाला मागून उजेड देऊन त्वचेवरचे रंगीत ठसे दाखवतात, असा अभ्यास २०२० मध्ये आला. माखली तर उजेड न काढताही त्वचेची नक्षी क्षणात बदलते. ऑस्ट्रेलियातल्या एका माखलीचा नर मादी आणि दुसरा नर यांच्यामध्ये सापडला, की मादीकडच्या बाजूला प्रणयाची नक्षी दाखवतो आणि त्याच वेळी प्रतिस्पर्ध्याकडच्या बाजूला मादीची. २०१२ चा अभ्यास आहे. एकाच वेळी दोघांना दोन गोष्टी.

"आत्या, हा नक्की निवडणुकीला उभा राहणार," भाची म्हणाली.

नक्षीच्या भाषेचा एक फायदा मला हेवा वाटावा असा आहे. वेगवेगळ्या दिशांनी आलेले आवाज कानात एकमेकांत मिसळतात, पण वेगवेगळ्या दिशांनी आलेला उजेड डोळ्यात वेगवेगळ्या जागी पडतो. म्हणजे सणाच्या दिवशी सगळे नातेवाईक एकदम बोलले तरी मिण्यांना प्रत्येक जण वेगळा वाचता येईल. कोणाला 'तू थांब, त्याला बोलू दे' म्हणायला नको. आमच्या घराण्याने तिकडेच जन्माला यायला हवं होतं.

तोटा असा, की कुजबुज कठीण. दरीच्या या बाजूला नवरा-बायकोचं भांडण चालू असलं तर पलीकडची सगळी आळी अंगणात येऊन बसणार. आणि शिकारीही बघणार. रात्री विश्वामित्रीच्या पुलावरून टॉर्च मारली तर मगरींचे डोळे तांबडे चमकतात. तो उजेड त्यांचा नसतो, आपलाच परत आलेला असतो, तरी पाठीत शिरशिरी येते. मिणे स्वतःच पेटते असल्यामुळे त्यांच्या प्रत्येक वाक्यासोबत काळोखात असे दोन डोळे चमकून जातील. बोलणं म्हणजे जागा सांगून टाकणं. ज्या जमातीत प्रत्येक शब्दाला ही जोखीम आहे ती बडबडी असेल की मितभाषी? भाची म्हणाली मितभाषी. मी म्हटलं, काजवे बघ.

खासगी बोलण्याची सोय मात्र निघाली. खोल समुद्रातल्या बहुतेकांना निळाच उजेड दिसतो. मॅलाकोस्टिअस नावाचा एक काळा मासा डोळ्याखालून लाल उजेड सोडतो आणि तो त्याला स्वतःला दिसतो. लाल दिसायला लागणारं द्रव्य हरितद्रव्यापासून आलेलं असतं आणि ते त्याला खाण्यातून मिळतं. आम्ही मिण्यांच्या प्रदेशात एक दुर्मीळ शेवाळ लावून टाकलं. ते दोघांनी खाल्लं की काही काळ त्या दोघांनाच दिसणारा लाल रंग. प्रेमिक, चोर आणि सावकार या तिघांत त्याला प्रचंड मागणी.

आता आईला न सांगितलेली गोष्ट. उजेड फुकट येत नाही. शरीरात ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य प्राणवायूशी जोडलं जातं तेव्हा तो निघतो, आणि ते द्रव्य अन्नातून घ्यावं लागतं नाहीतर अन्न खर्चून बनवावं लागतं. जीवांकडे त्याचा साठा किती तुटपुंजा असतो, हे ओसामू शिमोमुरा यांच्या १९६१ च्या उन्हाळ्यावरून कळतं. त्यांनी आणि सहकाऱ्यांनी दहा हजारांच्या आसपास जेलीफिश गोळा केले, कापले, पिळले, आणि हाती आलं ते उजळणारं प्रथिन काही मिलिग्रॅम. त्याच कामात सोबत सापडलेल्या हिरव्या प्रथिनासाठी २००८ मध्ये त्यांना नोबेल मिळालं, दोघा जणांबरोबर वाटून.

म्हणजे मिणा जे बोलतो ते जेवणातून बोलतो. आपल्यात उपाशी माणूस ओरडू तरी शकतो. त्यांच्यात उपाशी माणूस विझतो. दुष्काळात आधी गरिबांचं बोलणं मंदावणार, मग त्यांच्या तक्रारी दिसेनाशा होणार, आणि भरल्या पोटाचे लखलखीत पुढारी मनापासून सांगणार, की कोणाचीच तक्रार दिसत नाही. आजारी म्हातारी शेवटी काय म्हणाली हे वाचायला घरचे तिच्या अंगाला डोळे लावून बसणार. संत काढणाऱ्यांना हे सुचत नाही, कारण त्यांचा उजेड आकाशातून येतो. मिण्यांचा पोटातून येतो, म्हणून त्यांच्यात वर्ग आले, लाच आली, आणि आतिथ्यही आलं. पाहुण्याला आधी जेवू घालायचं, मग तो बोलतो.

भाचीला हे फार कडू वाटलं, तेव्हा तिला हवाईतल्या छोट्या स्क्विडची गोष्ट सांगितली. त्याचा उजेड त्याचा नसतोच. व्हिब्रिओ नावाचे जिवाणू त्याच्या पोटाकडच्या एका पिशवीत राहतात आणि ते पुरेसे जमले, एकमेकांना जाणवले, की उजळतात. एकटादुकटा जिवाणू गप्प असतो. पहाटे स्क्विड त्यातले नव्वद टक्क्यांहून जास्त बाहेर टाकून देतो आणि उरलेल्यांतून दिवसभरात पुन्हा भरतो. आणि पिल्लू अंड्यातून निघतं ते कोरं. त्याला हे जिवाणू आईकडून रक्तातून मिळत नाहीत. आसपासच्या पाण्यात असतात, तिथून काही तासांत शिरतात.

मिण्यांना आम्ही हेच दिलं. पोर जन्मतं ते मुकं. घरातल्या डबक्यात, जिथे आजी-पणजी आंघोळ करून गेल्या, तिथे त्याला बुडवायचं. मग ते त्या पाण्याचं बोलायला लागतं. दुसऱ्या घरच्या पाण्यात वाढलं तर दुसऱ्या घरचा रंग.

भाचीची मराठी तशीच आलेली आहे. शाळा इंग्रजी, रस्ता गुजराती, मराठी फक्त आजीच्या खोलीत. पुण्याची मावशी तिच्या 'ने'ला हसते. तिच्या वाक्यात 'शाक' येतं, 'चोपडी' येते, आणि मधेच आजीचा एखादा असा शब्द येतो जो पुण्यात आता कोणी वापरत नाही. तिचं पाणी बडोद्याचं आहे. त्याबद्दल तिने कुणाची माफी मागावी असं मला कधीच वाटलं नाही, आणि मावशीला मी ते सांगितलेलंही आहे.

शेवटी राहिला लिहिण्याचा प्रश्न, आणि तो अजून पुरता सुटलेला नाही. बोलणं क्षणात विझतं, मग साठवायचं कसं? मी बोलोन्याच्या दगडाची बाजू घेतली होती. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला व्हिन्चेन्झो काशारोलो नावाच्या चांभाराने सोनं करण्याच्या नादात तिथला एक जड दगड भाजला आणि तो उजेड पिऊन अंधारात चमकत राहू लागला. अशा दगडावर मिण्यांनी अंग टेकून बोलावं, अक्षर उमटावं. पण ते थोड्या वेळात विरतं. करारनामे, सातबारे, लग्नपत्रिका सगळं संध्याकाळपर्यंत कोरं. भाचीला हे आवडलं, मला परवडणारं वाटेना.

ती मग मांडवीजवळच्या सेंट्रल लायब्ररीत जाऊन चित्रं काढून आली. सयाजीराव महाराजांनी १९१० साली अमेरिकेहून बॉर्डन नावाच्या ग्रंथपालाला बोलावून बडोद्याची ग्रंथालयं उभी केली, त्यातलं हे. तिथे पुस्तकांच्या लोखंडी मांडण्यांमधल्या फरशा जाड काचेच्या आहेत, दिवसाचा उजेड वरून खाली झिरपत यावा म्हणून. तिने ते पाहिलं आणि उलटं करून टाकलं. मिण्यांचं ग्रंथालय खोल दगडात, एकही फट नसलेलं. अक्षरं ब्रेलसारखी उठावाची, बोटांनी वाचायची. आत शिरताना अंग विझवायचं, कारण एक जण जरी उजळला तरी सगळ्यांचं लक्ष त्याच्याकडे जाणार.

"म्हणजे आपल्याकडे 'शांतता राखा' लिहितात तसं तिथे 'दिवे विझवा'," ती म्हणाली.

"पाटी कुठे लावणार?"

"दाराच्या आत, भिंतीवर. उठावाची."

"मग आत येईपर्यंत कळणार कसं? बाहेर लाव."

"बाहेर सगळे बोलत उभे असतात, आत्या. बोटांनी पाटी वाचायला कोण जाणार?"

तिने दाराची मूठच पाटी करून टाकली. दार उघडायला हात लावला की वाचलंच. आता प्रश्न असा, की आत कुणाला शिंक आली तर मिणे उजळतात का. ती म्हणते हो, मी म्हणते नाही, आणि आईने विचारलंय की शिंकतात तरी का.